पुस्तकांच्या तीन टेबलांपुढे उभे राहताना

प्रश्न : मी सातारा जिल्ह्यातील एका गावात राहते. टपाल खात्यातील नोकरीतून नुकतीच निवृत्त झाले आहे. आजवर कादंबऱ्या आणि दिवाळी अंक वाचले. आता इतिहास, राजकारण आणि कला या विषयांवरचे काही वाचावे, असे मनापासून वाटते. परवा ग्रंथमहोत्सवात गेले होते. या तिन्ही विषयांची टेबले पुस्तकांनी भरलेली होती. एकेक पुस्तक हातात घेतले, चाळले आणि परत ठेवले. शेवटी एक जाडजूड इतिहासग्रंथ विकत आणला, तो पहिल्या प्रकरणातच अडून राहिला आहे. कोणते पुस्तक विश्वासाचे आहे, हे उभ्या उभ्या कसे ओळखावे? माझे यजमान म्हणतात की, प्रत्येक जण आपल्या जातीचा आणि पक्षाचाच इतिहास लिहितो, मग तो वाचायचा कशाला? आणि जिला चित्रातले काही कळत नाही, तिने कलेची महागडी पुस्तके घ्यावीत का?
– एक वाचक, जिल्हा सातारा

उत्तर :

आदरणीय ताई, सप्रेम नमस्कार.

आपण तिन्ही टेबलांपुढे गोंधळलात, याचे कारण आपल्या आकलनात शोधू नका. इतिहास, राजकारण आणि कला ही विक्रेत्याच्या सोयीसाठी पाडलेली दालने आहेत आणि त्यांतील प्रत्येक दालन एवढे अवाढव्य आहे की, केवळ ‘मला इतिहास वाचायचा आहे’ एवढ्या बळावर त्यात शिरणाऱ्या कोणाचीही निवड शेवटी मुखपृष्ठावर किंवा पुस्तकाच्या जाडीवर येऊन ठरते. टेबलापुढे जाताना एखादे ठिकाण आणि त्या ठिकाणाविषयीचा एक खरा प्रश्न मनात असला, तर शंभर पुस्तकांपैकी नव्वद आपोआप बाजूला होतात आणि उरलेली दहा एकमेकांशी बोलू लागतात. माझे सगळे सांगणे या एका गोष्टीभोवती आहे आणि ते उदाहरणाने सांगणे बरे, म्हणून उदाहरण आपल्याच जिल्ह्यातले घेतो.

औंध आपल्याला माहीत असेलच. यमाईच्या दर्शनाला आपण गेलाही असाल. या छोट्या संस्थानाचे अधिपती भवानराव ऊर्फ बाळासाहेब पंतप्रतिनिधी (१८६८–१९५१) हे स्वतः चित्रकार होते. आयुष्यभर जमवलेल्या कलावस्तूंसाठी त्यांनी १९३८ मध्ये औंधला श्री भवानी चित्रसंग्रहालय उभारले. तेथे राजा रविवर्मा यांची मूळ तैलचित्रे आहेत, महादेव विश्वनाथ धुरंधर यांच्यासारख्या मुंबईच्या कलाशाळेत घडलेल्या चित्रकारांचे काम आहे आणि हेन्री मूर या जगद्विख्यात इंग्रज शिल्पकाराने घडवलेले माता व बालकाचे एक शिल्पही आहे. त्याच बाळासाहेबांनी १९३९ च्या जानेवारीत आपल्या संस्थानासाठी नवी राज्यघटना जाहीर केली, कारभार लोकांनी निवडलेल्या पंचायतींकडे सोपवला आणि या घटनेच्या घडणीत महात्मा गांधींचा सल्ला घेतला. मॉरिस फ्रीडमन हे मूळचे पोलंडचे अभियंते आणि बाळासाहेबांचे चिरंजीव अप्पासाहेब पंत हे या कामात पुढे होते. याच संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही कैद्यांची मुक्त वसाहत वसवली गेली, याच संस्थानाच्या जमिनीवर १९१० मध्ये किर्लोस्करवाडी उभी राहिली आणि पंडित श्रीपाद दामोदर सातवळेकर यांनी वेदाध्ययनाचे आपले काम औंधात वर्षानुवर्षे चालवले. सातवळेकर हेही मूळचे चित्रकार होते, हे ऐकून अनेकांना आश्चर्य वाटते.

आता स्वतःला असे विचारून पाहा : जो राजा रविवर्म्याची चित्रे जमवतो, तोच राजा आपली सत्ता प्रजेच्या हाती का देतो? ती सत्ता खरोखर किती दिली गेली? गावोगावच्या माणसांनी तिचे काय केले? हे प्रश्न मनात घेऊन तीच तीन टेबले पुन्हा पाहा. कलेच्या टेबलावर आपण रविवर्मा आणि मुंबईची कलाशाळा शोधाल, राजकारणाच्या टेबलावर संस्थानी प्रजेचे लढे आणि ग्रामपंचायतींचा विचार शोधाल, इतिहासाच्या टेबलावर पंतप्रतिनिधींचे घराणे शोधाल, आणि तिन्हीकडची पुस्तके एकाच गावाविषयी सांगत आहेत, हे आपल्या लक्षात येईल. इंग्रजी वाचन जड वाटत नसेल, तर औंधच्या प्रयोगावर दोन पुस्तके जोडीने मिळवून वाचावीत. एक अप्पासाहेब पंतांनी आपल्या वडिलांविषयी १९८९ मध्ये लिहिलेले आणि दुसरे इंदिरा रॉदरमुंड यांनी अभ्यासक म्हणून १९८३ मध्ये लिहिलेले. एकाच घटनेकडे घरचा माणूस कसा पाहतो आणि बाहेरून आलेला अभ्यासक कसा पाहतो, हे शेजारी शेजारी ठेवून पाहणे हा वैचारिक वाचनाचा सर्वांत चांगला आरंभ आहे, असे माझे ठाम मत आहे.

विश्वासार्हतेचा आपला प्रश्न रास्त आहे. पुस्तक हातात आले की, प्रथम मुखपृष्ठ उलटून आतल्या नामपृष्ठाच्या मागची बाजू पाहावी. पहिली आवृत्ती केव्हा निघाली, आपल्या हाती आहे ती सुधारित आवृत्ती आहे की नुसते पुनर्मुद्रण, अनुवाद असेल तर मूळ ग्रंथ कोणता आणि तो कोणत्या साली निघाला, हे तेथे छापलेले असते. अनुवादित पुस्तकावर मूळ ग्रंथाचे नाव आणि साल नसेल किंवा तो संक्षिप्त अनुवाद असूनही तसे स्पष्ट सांगितलेले नसेल, तर मी ते पुस्तक खाली ठेवतो. त्यानंतर थेट शेवट गाठावा. संदर्भसूची आहे का, टीपा आहेत का, आणि व्यक्तींची व स्थळांची सूची आहे का? मराठीत आजही अनेक चांगली पुस्तके सूचीविना छापली जातात, ही खेदाची गोष्ट आहे. त्यामुळे केवळ सूची नाही म्हणून पुस्तक नाकारू नये. परंतु लेखकाने कोणते कागद पाहिले, याचा कोठेही पत्ता लागत नसेल आणि पानोपानी संवाद मात्र अवतरणचिन्हांत येत असतील, तर आपल्या हातात इतिहासाच्या वेषातील कादंबरी आहे, असे समजावे. कादंबरी वाईट असते असे नाही. ती कादंबरी म्हणून विकली जावी, एवढीच अपेक्षा.

यापुढची परीक्षा आपल्याला माझ्यापेक्षाही चांगली घेता येईल. ज्या गोष्टीची आपल्याला आधीपासून थोडी माहिती आहे, तिच्याविषयी पुस्तक काय म्हणते, ते शोधून वाचावे. आपण साताऱ्याच्या आहात, तेव्हा महाराष्ट्राच्या एकोणिसाव्या शतकावरचे पुस्तक असेल, तर छत्रपती प्रतापसिंह महाराजांची पाने उघडा. इंग्रजांनी १८३९ मध्ये त्यांना पदच्युत केले, त्यांची बाजू मांडण्यासाठी रंगो बापूजी लंडनला गेले आणि तेथे वर्षानुवर्षे झगडले, आणि १८४८ मध्ये सातारचे राज्य खालसा झाले. या गोष्टी लेखकाने दोन ओळींत उरकल्या आहेत का, पदच्युतीची कारणे दोन्ही बाजूंनी दिली आहेत का, रंगो बापूजींच्या खटपटीचा आधार म्हणून कोणते कागद सांगितले आहेत, हे पाहण्यास दहा मिनिटे पुरतात. जो लेखक आपल्या माहितीतल्या गोष्टीत सावधपणे लिहितो, तो आपल्याला ठाऊक नसलेल्या गोष्टीतही सावध असण्याचा संभव अधिक असतो.

यजमानांचे म्हणणे मी हसण्यावारी नेणार नाही, कारण त्यात तथ्य आहे. लिहिणारा कोठे उभा आहे, याचा परिणाम त्याच्या लिखाणावर होतोच. तथापि त्यावरून ‘वाचायचे कशाला’ हा निष्कर्ष निघत नाही, आणि हे पटवण्यासाठीही साताऱ्याच्या बाहेर जाण्याची गरज नाही. मराठ्यांचा पहिला सविस्तर इंग्रजी इतिहास लिहिणारा जेम्स ग्रँट डफ हा १८१८ मध्ये पेशवाई बुडाल्यानंतर साताऱ्यास नेमला गेलेला कंपनी सरकारचा अधिकारी होता. ज्या राज्याचा कारभार आपल्या देखरेखीखाली आहे, त्याच राज्याच्या पूर्वजांचा इतिहास तो लिहीत होता. त्याचे तीन खंड १८२६ मध्ये लंडनला प्रसिद्ध झाले आणि पुढे काही वर्षांतच त्यांचे मराठी भाषांतर शाळांतून शिकवले जाऊ लागले. त्याची बाजू उघड होती. पण त्याने पुष्कळ कागद पाहिले होते आणि ते कोणते, हे त्याने तळटीपांत सांगून ठेवले होते. म्हणूनच त्याला उत्तर देणे शक्य झाले. नीळकंठ जनार्दन कीर्तने यांनी १८६० च्या दशकात, कॉलेजात शिकत असतानाच, त्याच्या ग्रंथातील उणिवांवर नेमके बोट ठेवले. मराठ्यांचा उदय म्हणजे सह्याद्रीच्या रानात अकस्मात पेटलेला वणवा, अशी ग्रँट डफने केलेली मांडणी न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांना मान्य नव्हती. त्यांनी १९०० मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या इंग्रजी ग्रंथात संतांनी घडवलेल्या जागृतीपासून त्या उदयाची पाळेमुळे दाखवली. त्याच सुमारास विश्वनाथ काशिनाथ राजवाडे गावोगावच्या वाड्यांतून दप्तरे धुंडाळत होते. त्यांच्या ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड १८९८ मध्ये निघाला आणि पुढे तिचे बावीस खंड झाले.

रानडे आणि राजवाडे यांच्या आधी, १८६९ मध्ये, महात्मा फुले यांनी शिवरायांवर पोवाडा रचला होता आणि त्यात त्यांना ‘कुळवाडीभूषण’ म्हटले होते. रानड्यांना ज्या राज्यात राष्ट्राची घडण दिसली, त्याच राज्यात फुल्यांना रयतेचा आणि शेतकऱ्याचा राजा दिसला. फुल्यांनी उभा केलेला हा प्रश्न शंभराहून अधिक वर्षांनी, १९८८ मध्ये, गोविंद पानसरे यांनी ‘शिवाजी कोण होता?’ या छोट्याशा पुस्तिकेत पुन्हा विचारला. यजमानांना मी एवढेच सुचवीन की, त्यांनी रानड्यांची काही प्रकरणे, फुल्यांचा पोवाडा आणि पानसऱ्यांची पुस्तिका एका महिन्यात वाचावी. प्रत्येकाची बाजू त्यांना स्वच्छ दिसेल. त्याबरोबर हेही दिसेल की, एकाला जे दिसले ते दुसऱ्याला दिसलेले नाही, आणि दोघांनाही वाचल्याशिवाय आपल्याला त्यातले काहीच दिसत नाही. पुस्तक हाती घेताना हा लेखक कोणाला उत्तर देतो आहे, हे विचारण्याची सवय लावावी. प्रस्तावनेच्या पहिल्या दहा पानांत ते बहुधा सापडते. उत्तर देणारे पुस्तक मिळाले की, ज्याला उत्तर दिले तेही शोधावे. माझ्या पाहण्यात अशा जोड्यांनी वाचणारा वाचक सहसा कोणाच्या नादी लागत नाही.

आपण आणलेल्या जाड ग्रंथाविषयी थोडक्यात सांगतो. तो विकून टाकू नका आणि त्याचे ओझेही बाळगू नका. कादंबरी पहिल्या पानापासून वाचावी लागते. इतिहासग्रंथाला तसे बंधन नाही. अनुक्रमणिका पाहून ज्या प्रकरणाविषयी आज कुतूहल आहे, ते आधी वाचावे. पहिल्या प्रकरणांत बहुधा भूगोल, साधने आणि पूर्वपीठिका असते, आणि तिचे मोल पुढचे काही वाचून झाल्यावरच कळते.

राजकारणाच्या टेबलापुढे मात्र अधिक सावध राहावे. तेथे तीन निरनिराळ्या जातींची पुस्तके एकत्र मांडलेली असतात : नेत्यांची आत्मचरित्रे, पत्रकारांची समकालीन वृत्तांते आणि अभ्यासकांचे ग्रंथ. निवडणुकीच्या तोंडावर निघालेली पुस्तके विकत घेण्याची घाई करू नये. दोन वर्षांनी ती वाचावीशी वाटली, तर ती घेण्याजोगी आहेत. आत्मचरित्र हे साक्षीसारखे वाचावे. यशवंतराव चव्हाण यांचे ‘कृष्णाकाठ’ आपण कदाचित वाचले असेल. देवराष्ट्रे आणि कऱ्हाड येथील घडणीपासून १९४६ पर्यंतचा काळ त्यात आहे, आणि पुढचे दोन भाग लिहिण्याचे त्यांचे मनोगत १९८४ मधील त्यांच्या निधनामुळे अपुरे राहिले. त्याच काळात, त्याच मुलखात क्रांतिसिंह नाना पाटील यांच्या नेतृत्वाखालील प्रतिसरकार उभे राहिले होते. म्हणून ‘कृष्णाकाठ’मधील १९४२ च्या भूमिगत चळवळीची पाने आणि प्रतिसरकारावरील एखादा अभ्यासग्रंथ ही पुन्हा एक जोडी होते. कोणत्या प्रसंगावर यशवंतराव रेंगाळतात आणि कोठे एका वाक्यात पुढे जातात, हे अभ्यासग्रंथ शेजारी असल्यावरच उमगते. औंधात राजाने सत्ता दिली आणि शेजारच्या गावांत लोकांनी ती स्वतः घेतली, अवघ्या चार-पाच वर्षांच्या अंतराने. या दोन गोष्टींचा परस्परांशी काय संबंध होता, हा प्रश्न मला स्वतःला फार मोलाचा वाटतो, आणि आपल्या जिल्ह्यातील वाचकांनी तो विचारावा अशी माझी इच्छा आहे.

‘मला चित्रातले काही कळत नाही’ हे आपले वाक्य मला मान्य नाही. आपण ज्या पिढीच्या आहात, त्या पिढीच्या घरात कमळावर उभी असलेली लक्ष्मी आणि वीणा हाती घेतलेली सरस्वती भिंतीवर होतीच. त्या प्रतिमा बहुतेक करून रविवर्म्याच्या चित्रांवरून आलेल्या आहेत. रविवर्म्याने १८९४ मध्ये मुंबईत शिळाछाप छापखाना काढला, आणि जी देवदर्शने राजवाड्यांत आणि देवळांत होती, ती काही आण्यांत सामान्यांच्या घरात आली. ज्यांना देवळाच्या गाभाऱ्यात प्रवेश नव्हता, त्यांच्याही भिंतीवर त्या तसबिरी लागल्या. ही कलेची गोष्ट आहे, छपाईच्या इतिहासाची आहे आणि राजकारणाचीही आहे. आपण या चित्रांबरोबर साठ वर्षे राहिलात; आता त्यांच्याविषयी वाचायचे आहे, एवढेच.

कलेची पुस्तके महाग असतात, कारण रंगीत छपाई आणि कागद महाग असतो. म्हणून ती घेताना अधिक पारखून घ्यावीत. चित्राखाली त्याचे माध्यम, लांबी-रुंदी, साल आणि ते सध्या कोणत्या संग्रहात आहे, हे दिले आहे का, ते पाहावे. मोजमाप नसेल, तर हातभर चित्र आणि भिंतभर चित्र पुस्तकाच्या पानावर सारखेच दिसते आणि वाचकाची फसगत होते. एकाच चित्राचे दोन पुस्तकांतील छापील रूप शेजारी ठेवले, तर रंग किती बदलतात, तेही कळेल. म्हणून माझा आग्रह असा आहे की, पहिले कलाविषयक पुस्तक विकत घेण्याआधी एक संपूर्ण दिवस औंधच्या संग्रहालयासाठी काढावा. सगळी दालने पाहण्याचा हव्यास धरू नये. रविवर्म्याच्या एका चित्रापुढे अर्धा तास थांबावे. प्रकाश कोठून येतो आहे, लुगड्याचा काठ आणि दागिने कसे रंगवले आहेत, चेहऱ्यावर त्या कथेतला नेमका कोणता क्षण पकडला आहे, हे पाहावे आणि दिसेल ते वहीत लिहावे. त्यानंतर पुस्तक उघडले की, लेखक जे सांगतो ते पटते का, हे ठरवण्यासाठी आपल्याजवळ आपले स्वतःचे काही असेल. चित्रकाराचे जग आतून समजून घ्यायचे, तर धुरंधरांचे ‘कलामंदिरातील एक्केचाळीस वर्षे’ हे १९४० मधील आत्मकथन मिळवावे. जे. जे. कलाशाळेत विद्यार्थी म्हणून आणि पुढे शिक्षक म्हणून काढलेल्या वर्षांची ती हकीकत आहे आणि ती समजण्यास कलेचे पूर्वज्ञान मुळीच लागत नाही.

खर्चाची चिंता आपण पत्रात लिहिलेली नाही. पण निवृत्तिवेतनावर घर चालवणाऱ्या वाचकाला ती असतेच, म्हणून सांगतो. संदर्भासाठी लागणारे सर्व काही विकत घेण्याची आवश्यकता नाही. साताऱ्यातील नगर वाचनालयाची वर्गणी भरावी आणि ग्रंथपालांना आपला विषय सांगून ठेवावा. जुन्या वाचनालयांच्या कपाटांत अशी पुस्तके असतात, जी कोणत्याही प्रदर्शनात मांडली जात नाहीत. महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाने प्रकाशित केलेले अनेक ग्रंथ मंडळाच्या संकेतस्थळावरून विनामूल्य उतरवून घेता येतात. मराठी विश्वकोशही आता संकेतस्थळावर वाचता येतो, आणि तो तर आपल्या वाईतच, तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या मार्गदर्शनाखाली, आकाराला आला. एखादे नाव किंवा साल अडले की, प्रथम तेथे पाहावे.

पुढच्या प्रदर्शनाला जाताना वहीच्या एका पानावर औंधविषयीचे आपले तीन-चार प्रश्न लिहून न्या आणि विक्रेत्याला ते वाचून दाखवा. जाणता विक्रेता आपल्याला टेबलाखालच्या खोक्यातून काहीतरी काढून देईल. यजमानांना सोबत न्या आणि जोडीतील एक पुस्तक त्यांच्या पसंतीने घ्या. त्यांना ज्या लेखकाविषयी सर्वांत अधिक संशय वाटतो, त्याचेच घेतले तर उत्तम.

आपला,
सदरलेखक